गणपतीपुढे प्रहसन लिहायचंय? आधी नट मोजा

गोव्यातल्या माशेलात चवथ जवळ आली की वाड्यावरची पोरं विचारतात, "टीचर, यंदा आम्हीच लिहितो, सुरुवात कुठून करायची?" कथेपासून नको. कागदावर नटांची नावं लिहा. फोंड्याच्या बसच्या कंडक्टरसारखं "फाटीं वच" (मागे सरक) कोण ओरडतो, नुसत्या चेहऱ्यानं कोण हसवतो, पाठांतर कोणाचं कच्चं. कथा त्यांच्यातूनच निघते.

अमेरिकेत एनबीसी या टीव्ही वाहिनीवर 1950 ते 1954 'युअर शो ऑफ शोज' हा विनोदी कार्यक्रम व्हायचा. शनिवारी रात्री दीड तास, सगळं थेट. मेल टॉल्किन, ल्यूसिल कॅलन, मेल ब्रुक्स ही लेखकमंडळी मुख्यतः सिड सीझर या नटाला डोळ्यांपुढे ठेवून लिहायची. टॉल्किन आणि कॅलन तयार झाले ते टॅमिमेंट नावाच्या उन्हाळी विश्रामधामात. तिथे मॅक्स लीबमन, म्हणजे पुढे याच शोचा निर्माता, आठवड्याला नवा खेळ उभा करायचा. आपल्याला वर्ष मिळतं, तरी आपण शेवटच्या आठवड्यातच लिहितो, ते असो.

सीझर फ्रेंच, जर्मन, इटालियन बोलल्याचा हुबेहूब आव आणायचा. अर्थ काहीच नाही, सूर मात्र अस्सल. वडिलांच्या खानावळीतली परदेशी गिऱ्हाइकं ऐकून तो हे शिकला. आपल्याकडे पोर्तुगीज साहेबाचा सूर काढणारा एखादा आजोबा अजून सापडतो. त्याला संवाद लिहून देऊ नका, प्रसंग द्या. रेजिदोर (पोर्तुगीज काळातला गावचा अधिकारी) घरी येतो, यजमानाला एक अक्षर कळत नाही, तरी मान डोलावतो. वहीत एवढंच लिहा: 'इथे चिडतो', 'इथे कोंबडीकडे बघतो', 'इथे एकदम गोड होतो'. आणि त्या बडबडीत एकच ओळखीचा शब्द, 'सुंगटां' (कोळंबी), स्वच्छ ऐकू येऊ दे. हशा तिथे पिकतो.

विडंबन करायचं तर अख्ख्या गावानं पाहिलेल्या गोष्टीचंच करा, म्हणजे जत्रेतलं पौराणिक नाटक. राजा भारदस्त मराठीत गर्जतो, आणि मुकुट घसरला की तोंडातून घरची कोंकणी निसटते. हे एकदाच. दुसऱ्यांदा केलंत तर मागच्या खुर्च्या रिकाम्या होतील.

माईक कधी बंद पडेल सांगता येत नाही, म्हणून एक तुकडा मुका ठेवा. सीझर आणि त्याच शोमधले इमोजीन कोका, कार्ल राइनर, हॉवर्ड मॉरिस मोठ्या बव्हेरियन घड्याळातल्या बाहुल्या व्हायचे. तास वाजला की ठोके द्यायचे, मग यंत्र बिघडायचं आणि हातोडा-पाणी भलत्यावरच पडायचं. लिहिताना आधी यंत्र नीट चालताना दोनदा दाखवा. त्याशिवाय बिघाड कळत नाही.

लिहायला चौघं-पाचजण बसा, वही मात्र एकाच्याच हातात. वाचून कोणी हसलं नाही तर ओळ खोडा, समजावत बसू नका.

आणि वेळ. मध्ये पावणी (देवापुढच्या वस्तूंचा लिलाव) लांबली की तुमच्या वीस मिनिटांची बारा होतात. म्हणून संहितेत दोन जागी खूण करून ठेवा, जिथून उडी मारून थेट शेवटावर जाता येईल, आणि त्या उड्यांचीही तालीम घ्या.