रंगांआधी डमी करा

चित्रपुस्तक बहुधा ३२ पानांचं असतं, कारण छपाईचा फॉर्म, म्हणजे छापून दुमडला जाणारा मोठा कागद, ८ किंवा १६ पानांचा. ए-फोरचे ८ कागद मधोमध दुमडून शिवा, झाली डमी, म्हणजे पुस्तकाचा कच्चा नमुना. मग पेन्सिलीनं कच्ची चित्रं.

आमच्या सांगलीचा आयर्विन पूल मी जोडपानावर काढते, तेव्हा पुलावरची मुलगी शिवणीपासून दोन बोटं लांब ठेवते; नाहीतर बांधणीत तिचा चेहराच जातो. चित्रात कृष्णा दुथडी भरून वाहतेय ना? मग ‘पाणी वाढलं’ लिहूच नका. तिथं फक्त आजीची हाक हवी: ‘अगं, माघारी फिर!’ ती फिरते का, हे पान उलटल्यावरच कळू दे.

डमी पाच-सहा वर्षांच्या पोरांना मोठ्यानं वाचून दाखवा. चुळबुळ सुरू झाली की तिथला मजकूर कापा, कितीही आवडता असो.