वहीत शून्यही लिहा: साप-बेडकांच्या अभ्यासाला सुरुवात कशी कराल

दर पावसाळ्यात गोव्यातल्या वाळपईकडची अकरावी-बारावीची एक-दोन मुलं विचारतात, "ताई, साप पकडायला कधी शिकवशील?" मी आधी वही आणायला सांगते. जाड पुठ्ठ्याची, आणि सोबत पेन्सिल. पेन नको. एम.एस्सी.च्या पहिल्या पावसाळ्यात मी बॉलपेनाने लिहायचे. सुर्ल्याच्या सड्यावर, म्हणजे जांभ्याच्या पठारावर, एका रात्री वही भिजली आणि जुलैचा अख्खा आठवडा निळा डाग होऊन गेला.

पहिली जागा घराजवळची निवडा. अभयारण्यात अभ्यासाला वनखात्याची परवानगी लागते, ती पुढे काढता येईल. कुळागरातली (पोफळीच्या बागेतली) तळी, शेताचा बांध, व्हाळाचा म्हणजे ओढ्याचा एखादा तुकडा, यातलं काहीही पुरे. आठवड्यातून एक ठरलेला वार, संध्याकाळी सात ते आठ, दर वेळी तीच वाट. तारीख, वेळ, पाऊस होता की नाही, कोणता आवाज कुठून आला, किती बेडूक दिसले, एवढं लिहायचं. एकही दिसला नाही तर शून्य लिहायचं.

या शून्यासाठीच मी हे सगळं लिहिते आहे. माझ्या जुन्या वहीत फक्त बेडूक सापडलेल्या रात्री होत्या. रिकाम्या हाताने परतले की लिहिण्यासारखं काही घडलंच नाही असं वाटायचं. मार्गदर्शकांनी वही चाळून विचारलं, "न सापडलेल्या रात्री किती?" मला सांगता येईना. बेडूक कमी झाले, की मी गेलेच नव्हते, हे त्या वहीवरून कुणालाच कळलं नसतं. त्या मोसमाची मोजणी प्रबंधात घेता आली नाही.

डोळ्यांआधी कान तयार करा. पहिल्या मोठ्या पावसात हळदीसारखे पिवळेधमक झालेले मोठे बेडूक शेतात ओरडतात. तो रंग नराचा, आणि थोडेच दिवस टिकतो. मांसासाठी त्यांना पकडतात तेही याच दिवसांत, कायद्याने बंदी असूनही. त्यामुळे या दिवसांतली तुमची मोजणी फार मोलाची. तळीवर झुकलेल्या पानाला पांढरा फेस चिकटलेला दिसला तर ते बहुधा मलबारी उडत्या बेडकाचं घरटं. फेसातून पिल्लं थेट पाण्यात पडतात. फेस कधी दिसला, पिल्लं कधी पडली, दोन्ही तारखा लिहा.

कुळागरात माती ओढताना देवगांडूळ निघतं. पुष्कळदा साप समजून ते मारलं जातं, याचं मला फार वाईट वाटतं. नीट पाहा: अंगभर वळ्या, कातडी ओलसर, पाय नाहीत, आणि डोळा व नाकपुडी यांच्यामध्ये बारीकशी स्पर्शिका. ते बेडकाच्या गोतातलं, उभयचर. खापरखवल्या तसाच मातीत राहतो, पण तो साप, त्याच्या अंगावर खवले असतात. गोव्याचं नाव धारण करणारं 'गेगेनिओफिस गोएन्सिस' हे देवगांडूळ शास्त्राला 2007 साली कळलं. 2018 साली आपल्या जांभ्याच्या सड्यांवरच्या एका बेडकाची नवी जात म्हणून नोंद झाली, त्याचं नाव 'गोंयची'. त्याच सड्यांवरून आपली गुरं चरून येतात.

सापाला हात लावू नका. वन्यजीव संरक्षण कायदा 1972 चा आहे आणि तो विद्यार्थ्यांनाही लागू होतो. फोटो, जागा, वेळ एवढं पुरतं. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांच्या विषावर आपल्याकडची प्रतिविषाची लस चालते. चोर्ला घाटातल्या झुडपांत बसणाऱ्या चापडा या विषारी सापासाठी ती बनवलेलीच नाही. म्हणून गमबूट, चांगली बॅटरी आणि सोबत एक माणूस. घरच्यांना वाट सांगून निघा. दंश झालाच तर बांधणं, कापणं काही नाही, सरळ इस्पितळ.

शिक्षणाची वाट त्यामानाने सरळ आहे. बारावीला जीवशास्त्र, मग प्राणिशास्त्रात बी.एस्सी. एम.एस्सी. गोवा विद्यापीठात करता येते. वन्यजीव हाच विषय हवा असेल तर डेहराडूनची भारतीय वन्यजीव संस्था किंवा बंगळुरूचं एन.सी.बी.एस. हे जीवशास्त्राचं राष्ट्रीय केंद्र. पुढे पीएच.डी.साठी 'नेट' या राष्ट्रीय परीक्षेतून जे.आर.एफ. ही संशोधनाची शिष्यवृत्ती मिळाली तर 2023 पासून महिना 37,000 रुपये. प्रयोगशाळेत व्हर्नियर या बारीक मोजपट्टीने मुस्कटापासून अवस्करापर्यंतची (शेपटीच्या मुळाशी असलेल्या उत्सर्जनाच्या छिद्रापर्यंतची) लांबी घेणं, डी.एन.ए. वाचणं, आवाजाचे आलेख काढणं शिकवतील. संख्याशास्त्राचा कंटाळा करू नका, माझी दोन वर्षं त्यातच गेली. कायमच्या नोकऱ्या थोड्या आहेत, हे घरी आधीच मोकळेपणाने सांगा.

वही मात्र मे महिन्यातच सुरू करा, तळी आटलेली असताना. पहिल्या पानावर तारीख घाला, वेळ घाला, पाऊस नाही असं लिहा, आणि बेडकांच्या रकान्यात 0.