टोळभैरवांना बाहेर ठेवून घरच्या पोरांचा खासगी गेम-सर्व्हर कसा लावायचा

"कोणी त्रास दिला तर ब्लॉक करा, रिपोर्ट करा." हा सल्ला देणाऱ्यानं बारा वर्षांच्या पोरीला हेडफोन घालून खेळताना कधी पाहिलेलं नसावं. ब्लॉकचं बटण सापडेपर्यंत शिवी ऐकून झालेली असते आणि दोन दुपारी खपून बांधलेलं घर कुणीतरी पेटवून दिलेलं असतं. ब्लॉक झालेला गडी नवं नाव घेऊन लगेच हजर. म्हणून माझं म्हणणं सरळ आहे: अनोळखी माणूस आत आल्यावर काय करायचं, ही वेळच येऊ द्यायची नाही. खेळ आपल्याच फोनवर किंवा लॅपटॉपवर चालवायचा (ज्या यंत्रावर खेळ चालतो आणि बाकीचे येऊन जोडले जातात, तोच सर्व्हर) आणि तो चालू आहे हेसुद्धा बाहेरच्याला कळू द्यायचं नाही.

हे सगळं मी यवतमाळ जिल्ह्यातल्या खेड्यातून सांगतो आहे. उन्हामुळे आमच्या विदर्भातल्या शाळा बाकी महाराष्ट्रापेक्षा उशिरा, जूनच्या शेवटाकडे उघडतात. सकाळी अकरानंतर पोट्ट्यांना बाहेर सोडायची सोय नसते, आणि लाइट कधी जाईल याचा नेम नसतो. शहरातल्या फायबरवर बसून लिहिलेले सल्ले इथं निम्मे फसतात.

खेळ कोणता

बुद्धिबळ खेळणाऱ्यांचं काम सोपं आहे. लिचेस या बुद्धिबळाच्या संकेतस्थळावर 'मित्रासोबत खेळा' दाबायचं आणि आलेला दुवा समोरच्याला पाठवायचा, खातंही लागत नाही. खातं काढलंच तर किड मोड चालू करा, म्हणजे गप्पा-संदेश सगळं बंद होतं. २०२५ च्या जुलैत नागपूरच्या दिव्या देशमुखनं महिला विश्वचषक जिंकला, तेव्हापासून आमच्याकडच्या दोन भाच्या याच्यावरच असतात.

बॅटलग्राउंड्स या गोळीबाराच्या खेळवाल्यांनी स्क्वॉडमधलं, म्हणजे चौघांच्या टोळीतलं, ऑटो-मॅचिंग बंद करावं, म्हणजे रिकाम्या जागी परका येऊन बसत नाही. आवाज फक्त टीमपुरता ठेवावा. शक्य असेल तर पासवर्डवाली कस्टम रूम घ्यावी. तरी तो खेळ कंपनीच्या सर्व्हरवरच चालतो, तेव्हा पूर्ण खासगी होत नाही. अमंग अससारख्या खेळात खासगी खोलीचा सहा अक्षरी कोड मिळतो. तो शाळेच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकला की संध्याकाळपर्यंत अख्ख्या तालुक्याकडे पोचतो.

माझी पसंती लुआंटीला. पूर्वी याचं नाव माइनटेस्ट होतं, ते २०२४ च्या ऑक्टोबरात बदललं. खोदायचं, बांधायचं, शेती करायची, असा ठोकळ्यांचा खेळ. फुकट आहे, जाहिराती नाहीत, जुन्या अँड्रॉइडवरही चालतो. मुख्य म्हणजे सर्व्हर आपल्या हातात राहतो. प्ले स्टोअरवरून टाका आणि आतल्या काँटेंट विभागातून व्हॉक्सेलिब्रे किंवा माइनक्लोनिया हा लुआंटीत चालणारा खेळ उतरवून घ्या. लुआंटी सगळ्यांकडे हवं, पण हा उतरवलेला खेळ सर्व्हरवाल्याकडे असला की पुरे, बाकीच्यांना जोडताना लागेल ते आपोआप मिळतं. आवृत्ती मात्र सगळ्यांची एकच असू द्या.

सर्व्हर सुरू करणं

नवीन जग तयार करा, होस्ट सर्व्हरवर खूण करा, पोर्ट, म्हणजे सर्व्हरच्या दाराचा नंबर, ३०००० आहे तसाच ठेवा. त्याच चौकटीत अनाउन्स सर्व्हर अशी दुसरी खूण असते, ती रिकामी पाहिजे. ती लागली की तुमचा सर्व्हर जगभरच्या यादीत जातो आणि मग कुठलाही उपरा येऊन टपकतो.

तिथं पासवर्डची एक जागा दिसते. ती खोलीची किल्ली समजून पोट्टे 'एक दोन तीन चार' टाकतात आणि सगळ्यांना सांगत सुटतात. तो तुमच्या स्वतःच्या, म्हणजे मालकाच्या खात्याचा पासवर्ड असतो. तो कुणाला दिला की सर्व्हरचे सगळे अधिकार त्याच्या हातात गेले. तेव्हा कुणालाच द्यायचा नाही, सख्ख्या भावालाही नाही.

सगळे एकाच घरात असतील तर

इंटरनेट लागतच नाही. एका फोनचं हॉटस्पॉट चालू करायचं, त्याच फोनवर सर्व्हर लावायचा, मोबाइल डेटा बंद. लाइट गेली तरी खेळ चालू. बाकीच्यांनी त्या वायफायच्या तपशिलात जाऊन गेटवेचा, म्हणजे हॉटस्पॉटवाल्या फोनचा, आकडा पाहायचा. तोच सर्व्हरचा पत्ता, जोडताना तोच टाकायचा.

अडतं ते एकाच ठिकाणी. वायफायला नेट नाही हे कळल्यावर अँड्रॉइड विचारतं, 'इंटरनेट नाही, तरी जोडलेलं राहायचं का?' पोरं ती सूचना अंगठ्यानं बाजूला सारतात, फोन गुपचूप सिमच्या नेटवर जातो आणि मग 'मामा, सर्व्हर दिसत नाही' सुरू होतं. हो म्हणा, आणि खेळणाऱ्या प्रत्येक फोनचा मोबाइल डेटाही बंद करा.

हॉटस्पॉटचा पासवर्ड दर सुट्टीत बदला. अँड्रॉइड १० पासून जोडलेला कोणताही फोन क्यूआर दाखवून तो पुढं देऊ शकतो, तेव्हा गेल्या दिवाळीचा पासवर्ड गल्लीत सगळ्यांकडे असणार असंच धरून चाला.

मित्र दुसऱ्या गावात असेल तर

इथं माझ्या बऱ्याच रात्री गेल्या. एक भाचा आर्णीला, एक हिंगणघाटला, पुतण्या पुण्यात. जो तो व्हिडिओ एकच मंत्र सांगतो: राउटर उघडा, पोर्ट फॉरवर्ड करा (बाहेरून आलेली जोडणी सर्व्हरकडे वळवा), झालं. काही होत नाही. आकडा बरोबर, पोर्ट बरोबर, फायरवॉल बंद, तरी पलीकडचा म्हणतो जोडलं जात नाही.

कारण सीजीनॅट. आयपी पत्ते, म्हणजे इंटरनेटवरचे आकडी पत्ते, कमी पडतात म्हणून मोबाइल कंपन्या आणि बरेच छोटे ब्रॉडबँडवाले एकच बाहेरचा पत्ता अनेक ग्राहकांत वाटून देतात. अख्ख्या गल्लीला मिळून एकच पत्रपेटी असावी तसं: तुमचं पत्र बाहेर जातं, त्याचं उत्तरही परत येतं, पण बाहेरून कुणी आपणहून पत्र टाकलं तर ते कोणत्या घरचं हे पोस्टमनला कळायला मार्ग नाही. राउटरमध्ये तुम्ही कितीही पोर्ट उघडा, अडवणूक राउटरच्या पलीकडे, कंपनीकडे आहे.

तपासायला मिनिट लागतं. राउटरच्या सेटिंगच्या पानावर वॅनचा, म्हणजे बाहेरच्या बाजूचा, आयपी पाहा. मग इंटरनेटवर 'माझा आयपी' शोधून तिथं दिसणारा आकडा पाहा. दोन्ही वेगळे निघाले तर बहुधा वर कंपनीचं सीजीनॅट आहे. पहिला आकडा १००.६४ ते १००.१२७ यांच्यात असेल तर शंकाच नको, तो टापू २०१२ पासून याच कामासाठी राखून ठेवलेला आहे. पोर्ट फॉरवर्डिंगचा नाद तिथंच सोडा. सिमच्या नेटवर खेळत असाल तर तपासण्यातही वेळ घालवू नका.

मग कुणीतरी टनेलचं, म्हणजे मधल्या कंपनीच्या सर्व्हरवरून वाट काढून देणारं, अ‍ॅप सुचवतो. त्यानं जोडलं जातं, नाही असं नाही, पण तुम्हाला मिळतो सार्वजनिक पत्ता. तो ज्याच्या हाती लागला तो आत. परके टाळायचे म्हणून एवढा खटाटोप केला आणि शेवटी सर्व्हर चव्हाट्यावर मांडला, असला प्रकार. काही जण आयपीव्ही६ चं, म्हणजे नव्या पद्धतीच्या लांब आयपी पत्त्यांचं, नाव घेतात. ते दोन्ही टोकांना असायला हवं, शिवाय कंपनीनं बाहेरून येणारी जोडणी अडवलेली नसावी. मी त्या फंदात पडत नाही.

मी वापरतो टेलस्केल. घरगुती वापराला फुकट आहे. लांबलांबचे फोन एकाच घरच्या वायफायवर असल्यासारखे जोडून देतं, आणि जोडणी दोन्हीकडून बाहेर निघत असल्यानं सीजीनॅट आड येत नाही. लावायचं असं: सर्व्हरच्या यंत्रावर टेलस्केल टाका आणि मोठ्या माणसाच्या खात्यानं आत जा. खातं शक्यतो वेगळं काढा. ज्या खात्यावर घरची बँक आणि यूपीआय चालतं ते पोरांच्या खेळासाठी वापरू नका. पलीकडच्या घरी त्यांच्या आईबापाच्या खात्यानं तेच अ‍ॅप.

आता नीट लक्ष द्या. पलीकडच्याला तुमच्या खात्याचा पासवर्ड देऊन तुमच्याच खात्यात घ्यायचं नाही. टेलस्केलच्या संकेतस्थळावर यंत्रांची यादी दिसते. तिथं सर्व्हरच्या ओळीसमोर तीन टिंबं असतात. त्यात शेअर दाबलं की आमंत्रणाचा दुवा मिळतो. समोरच्याला फक्त ते एक यंत्र दिसतं, घरातलं दुसरं काही दिसत नाही. हा दुवा एकदाच वापरता येतो, आणि तो तसाच राहू द्या. पुन्हापुन्हा वापरता येईल असा पर्याय तिथं आहे, त्याला हात लावू नका. दुवा ग्रुपवर टाकायचा नाही, ज्याचा त्याला वेगळा पाठवायचा. चार जणांना चार दुवे काढायला कंटाळा येत असेल तर या भानगडीत पडूच नका, कारण सगळी राखण त्या कंटाळवाण्या कामातच आहे.

दुवा स्वीकारला की सर्व्हरचा १०० नं सुरू होणारा पत्ता पलीकडे दिसतो. हा टेलस्केलचा पत्ता, वर राउटरमध्ये पाहिलेला कंपनीचा नव्हे. दोन्ही एकाच टापूतले असल्यानं गल्लत होते. लुआंटीत हा पत्ता आणि ३०००० टाकला की जोडलं.

न जोडलं तर एवढं पाहा. टेलस्केल हे व्हीपीएन, म्हणजे खासगी जोडणीचं अ‍ॅप आहे, आणि अँड्रॉइडवर एका वेळी एकच व्हीपीएन चालतं. जाहिराती अडवणारं एखादं अ‍ॅप ती जागा धरून बसलेलं असतं, ते बंद करा. टेलस्केलला बॅटरी-बचतीतून वगळा, नाहीतर फोन ते परस्पर मारून टाकतो. सर्व्हर विंडोज लॅपटॉपवर असेल तर पहिल्यांदा फायरवॉल परवानगी विचारतं, ती द्या. घाईत ती खिडकी बंद केली की पुढं तासभर शोधाशोध.

जोडलं पण फोडलेला दगड क्षणात परत जागेवर उगवतो? म्हणजे थेट वाट मिळाली नाही आणि सगळं मधल्या रिलेवरून, म्हणजे टेलस्केलच्या सर्व्हरवरून, फिरून येतंय. ज्याच्या घरी फायबर आहे त्याच्याकडे सर्व्हर ठेवा. शेतातल्या घरून सिमवर सर्व्हर चालवायचा हट्ट करू नका.

आत आलेल्यांचे अधिकार

परके आता येत नाहीत, तरी एक भोक उरतं: ओळखीच्याच्या हातातला फोन. "मामा, कोन्या पोट्ट्यानं माह्यं घर जाळलं?" चौकशीअंती निघतं, भावानं जेवायला जाताना फोन शेजारच्याला दिला होता.

यासाठी सर्व सेटिंगमधल्या सर्व्हर विभागात डिफॉल्ट प्रिव्हिलेजेस शोधा. तिथं इंटरॅक्ट (ठोकळे फोडणं-ठेवणं) आणि शाउट (चॅटमध्ये बोलणं) असं लिहिलेलं असतं. त्यातलं इंटरॅक्ट खोडा. नवा आलेला फिरेल, बोलेल, पण एक ठोकळाही हलवू शकणार नाही. फोन करून तो आपलाच आहे याची खात्री करा, मग चॅटमध्ये स्लॅश ग्रँट, त्याचं नाव आणि इंटरॅक्ट लिहा, म्हणजे तो अधिकार त्याला मिळतो. फोन करणं टाळू नका, कारण पहिल्यांदा जो ते नाव घेऊन येतो त्याचंच ते होतं, आणि भावाच्या नावानं दुसराच येऊ शकतो. खोडी केली तर तसंच स्लॅश रिव्होक लिहून तो काढून घ्या. स्लॅश बॅनच्या भरवशावर राहू नका, ते आयपीवर चालतं. हॉटस्पॉटवर जोडलेल्या फोनचा पत्ता बदलू शकतो, आणि तोच पत्ता दुसऱ्या कुणा निरपराध्याच्या वाट्याला येऊ शकतो.

खेळातल्या नावात गाव, आडनाव, जन्मवर्ष नको. आमच्याकडे तिन्ही एकत्र जोडून नाव ठेवायची खोड आहे. बोलायचं असेल तर घरच्यांचा व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप कॉल लावा, खेळातला माइक बंद. दुसऱ्या कुठल्या खेळात स्वस्तात डायमंड किंवा यूसी (खेळातली नाणी) देतो म्हणून ओटीपी मागणारा भेटलाच आणि पैसे गेले, तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा.

फोनवर सर्व्हर लावला असेल तर त्या फोनवर दुसरं काही करू नका. कॉल आला, लुआंटी मागं गेलं, की सगळ्यांचा खेळ गोठतो. सिम नसलेला जुना फोन याला उत्तम. मे महिन्यात तो कूलरच्या झोताजवळ ठेवा, पण पाण्याचे थेंब उडतील इतका जवळ नको. कव्हर काढा. हॉटस्पॉट, सर्व्हर आणि चार्जिंग तिन्ही एकदम चालू असलं की आमच्याकडच्या पंचेचाळीस अंशांत फोन आधी चार्जिंग थांबवतो आणि मग बंदच पडतो.

सुट्टी संपली की टेलस्केलच्या यादीत जाऊन शेअर काढून टाका आणि जगाच्या फोल्डरची एक प्रत पेनड्राइव्हवर घ्या. दिवाळीत पोट्टे परत येतात तेव्हा पहिलं विचारतात ते आपलं जुनं घर आहे का, आणि तोवर तो फोन कुणीतरी रीसेट केलेला असतो.