डीएलएल एकच, डेटा ज्याचा त्याचा

नव्या मुलामुलींच्या मुलाखती घेताना एक प्रश्न मी हटकून विचारतो. दोन प्रोग्रॅम चालू आहेत, दोघांनी एकच डीएलएल (अनेक प्रोग्रॅमना वापरता येणारी विंडोजमधली कोडची लायब्ररी) लोड केली आहे. पहिल्याने तिच्यातल्या ग्लोबल व्हेरिएबलची किंमत बदलली, तर ती दुसऱ्याला बदललेली दिसेल का? बरेच जण ‘हो’ म्हणून मोकळे होतात, कारण फाइल तर एकच आहे! उत्तर ‘नाही’ आहे. एखादा जर म्हणाला, ‘नाही, पण लिंकरला (बिल्ड करताना कोडचे तुकडे जोडणाऱ्या साधनाला) सांगून डेटाचा एखादा सेक्शन मुद्दाम शेअर्ड केला असेल तर दिसेल’, तर पुढचे प्रश्न मी विचारण्यापुरतेच विचारतो.

हे पाठ करून डोक्यात राहत नाही, करून बघावं लागतं. लिनक्सवर करणं सोपं. तिथे डीएलएलचं काम शेअर्ड लायब्ररी करते. सी भाषेत अशी एक छोटी लायब्ररी लिहा: एक ग्लोबल काउंटर, तो वाढवणारं एक फंक्शन आणि त्याची किंमत व पत्ता छापणारं दुसरं. काउंटरची सुरुवात ७ पासून करा. शून्य दिलंत तर तो बीएसएसमध्ये, म्हणजे फाइलमध्ये किंमत न साठवता शून्याने भरल्या जाणाऱ्या भागात जाईल; आकडे तरीही वेगळेच दिसतील, पण फाइलमधल्या डेटाबद्दल पुढे सांगितलेली गंमत त्याला नीट लागू पडणार नाही. आता ही लायब्ररी वापरणारा एकच प्रोग्रॅम दोन टर्मिनलमध्ये चालवा. इकडे काउंटर ५० वर नेला तरी तिकडे ७ च. मग सेटआर्च कमांडने एएसएलआर (दर वेळी मेमरीतले पत्ते मुद्दाम बदलणारी सुरक्षेची सोय) बंद ठेवून दोन्ही पुन्हा चालवा. आता दोन्ही टर्मिनलमध्ये छापलेला पत्ता अगदी तोच येतो, आकडे मात्र वेगळे. हे एकदा डोळ्यांनी पाहिलं की व्हर्च्युअल मेमरीवरची (प्रत्येक प्रोग्रॅमला पत्त्यांचा स्वतःचा वेगळा नकाशा देण्याच्या पद्धतीवरची) व्याख्यानं निम्म्या वेळात समजतात.

प्रोग्रॅम चालू असतानाच प्रॉक (/proc) या फोल्डरमध्ये त्या प्रोसेसच्या, म्हणजे चालू असलेल्या प्रोग्रॅमच्या, फोल्डरातली मॅप्स (maps) ही फाइल उघडा. तुमच्या लायब्ररीच्या नावाच्या काही ओळी असतील. एकीवर वाचायची आणि चालवायची परवानगी, लिहायची नाही: हा कोड. त्याची पानं (मेमरीचे ठरावीक आकाराचे तुकडे) रॅममध्ये एकदाच असतात आणि ती लायब्ररी वापरणाऱ्या सगळ्या प्रोसेसना तीच दिसतात. दुसऱ्या ओळीवर वाचायची आणि लिहायची परवानगी: हा डेटा. सुरुवातीला हाही सामायिकच असतो. पण एखादी प्रोसेस त्यात लिहायला गेली की प्रोसेसर तिला अडवतो, कर्नल (ऑपरेटिंग सिस्टीमचा गाभा) त्या ४ केबीच्या पानाची प्रत काढतो आणि ती फक्त त्याच प्रोसेसच्या नकाशात बसवतो. यालाच कॉपी-ऑन-राइट म्हणतात. विंडोजवरही हेच घडतं. आणि म्हणूनच प्रत्येक प्रोसेसच्या नावापुढचे मेमरीचे आकडे सरसकट बेरीज करू नका. सामायिक पानं प्रत्येकाच्या खात्यात पुन्हापुन्हा मोजली जाऊ शकतात.

या प्रश्नाची इंटरनेटवरची जुनी उत्तरं वाचताना ती कोणत्या विंडोजबद्दल आहेत ते आधी बघा. विंडोज ३.१ मध्ये सगळे १६-बिट प्रोग्रॅम एकाच मेमरीत नांदत आणि डीएलएलचा डेटाही सगळ्यांचा एकच असे. विंडोज ९५ ने ३२-बिट प्रोग्रॅमना स्वतंत्र जागा दिली, पण २ ते ३ जीबी हा पट्टा सगळ्यांना खुला ठेवला आणि सिस्टीमच्या डीएलएल तिथेच बसवल्या. १९९३ मध्ये आलेल्या विंडोज एनटीत प्रोसेसमध्ये खरी भिंत होती. घरगुती डेस्कटॉपवर ती २००१ च्या एक्सपीबरोबर पोचली.

डेस्कटॉप सपोर्टमध्ये जाणार असाल तर पहिल्या आठवड्यातच ‘अमुक डीएलएल सापडत नाही’ ही तक्रार येईल. ती एकटी फाइल कुठल्यातरी साइटवरून उतरवून सिस्टीम३२ मध्ये टाकायची नाही, कितीही घाई असली तरी. नाव व्हीसीरनटाइम१४० असेल तर मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल (अशा डीएलएलचा अधिकृत संच) बसवा. शेवटी ७बी असलेला एरर कोड दिसला तर बहुतेक वेळा ३२-बिट प्रोग्रॅमच्या गळ्यात ६४-बिट डीएलएल पडलेली असते. जाता जाता, ६४-बिट विंडोजमध्ये ६४-बिट फाइली सिस्टीम३२ मध्ये असतात आणि ३२-बिट फाइली सिसवाऊ६४ (SysWOW64) मध्ये. हे उलटं वाटतं, पण कोडमध्ये तो पाथ जसाच्या तसा लिहून ठेवलेल्या प्रोग्रॅमना ६४-बिटवर नेताना अडचण येऊ नये म्हणून तसं केलं गेलं.

आता ज्यावर सगळ्यात जास्त गोंधळ होतो ते. भिंत प्रोसेसभोवती असते, लायब्ररीभोवती नसते. एकदा डीएलएल आत आली की त्या प्रोसेसची सगळी मेमरी आणि सगळे अधिकार तिचेही. राइट क्लिक केलं की एक्सप्लोरर कोसळतो, अशी तक्रार आली तर एक्सप्लोररला शिव्या देण्याआधी इव्हेंट व्ह्यूअर उघडा. कोसळलेल्या प्रोग्रॅमच्या नावाखाली ‘फॉल्टिंग मॉड्यूल’ ही ओळ असते. तिथे पुष्कळदा एखाद्या भलत्याच सॉफ्टवेअरने मेनूत घुसवलेली डीएलएल सापडते. मात्र ती ओळही शेवटचा शब्द मानू नका. एका डीएलएलने मेमरी बिघडवायची आणि कोसळताना नाव दुसरीचं यायचं, हे नेहमीचंच. क्रोमने २००८ मध्ये टॅब वेगवेगळ्या प्रोसेसमध्ये टाकले ते याच कारणासाठी. एकाच प्रोसेसमध्ये राहून एकमेकांपासून सुरक्षित राहता येत नाही.

मार्च २०२४ मधलं एक्सझेड या लिनक्सवरच्या कॉम्प्रेशन लायब्ररीचं प्रकरण मुळातून वाचा. ओपनएसएसएचला (दुसऱ्या मशीनवर सुरक्षित लॉगिन करून देणाऱ्या प्रोग्रॅमला) तिची गरजच नव्हती. पण लिनक्सच्या काही डिस्ट्रोंनी (वितरणांनी) त्याला सिस्टीमडीची (सर्व्हिस सुरू करून सांभाळणाऱ्या प्रोग्रॅमची) लायब्ररी जोडली होती, आणि तिच्या मागून ही आत आली. लॉगिनला सुमारे अर्धा सेकंद जास्त का लागतो याचा माग काढताना आंद्रेस फ्रॉइंड या प्रोग्रॅमरना तिच्यातलं मागचं दार (गुपचूप शिरण्यासाठी घातलेला कोड) सापडलं. कोणती प्रोसेस कुणाला सोबत आणते हे बघायची सवय लागते ती अशा गोष्टी वाचून.

सामायिक लायब्ररीचा मोठा फायदा म्हणजे दुरुस्ती एकाच जागी. २०१४ मध्ये ओपनएसएसएल या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीत हार्टब्लीड नावाची त्रुटी सापडली, तेव्हा तिची फाइल बदलली की तिच्यावर चालणारे प्रोग्रॅम पुन्हा बिल्ड करावे लागत नव्हते. स्टॅटिक लिंक केलेल्यांना, म्हणजे लायब्ररीचा कोड स्वतःतच भरून घेतलेल्यांना, ती सोय नव्हती. पण फाइल बदलली म्हणजे काम झालं असं नाही. लिनक्सवर चालू असलेली प्रोसेस जुनीच प्रत धरून बसते. मॅप्समध्ये त्या लायब्ररीच्या नावापुढे ‘डिलीटेड’ दिसलं की ती सर्व्हिस रीस्टार्ट करा. विंडोज बहुधा वापरात असलेली फाइल बदलूच देत नाही, म्हणून अपडेटनंतर रीबूट मागतो. तो ‘नंतर बघू’ म्हणून पुढे ढकलत राहणाऱ्यांच्या मशीनवर जुनाच कोड चालू असतो.