अमेरिकन यादवी युद्धातला एक स्वयंसेवक शिपाई: नव्या अभ्यासकाने कुठून सुरुवात करावी

अमेरिकन यादवी युद्ध (१८६१–६५) अभ्यासायला घेणारे बहुतेक जण पहिल्याच दिवशी गेटिसबर्गच्या लढाईचा नकाशा उघडतात आणि सेनापतींच्या नावांत अडकतात. तो नकाशा थोडे दिवस बाजूला ठेवा. एक पलटण निवडा, तिच्यातली एक कंपनी निवडा, त्या कंपनीतला एक साधा शिपाई घ्या आणि त्याच्या मागे मागे जा. उत्तरेकडून, म्हणजे दक्षिणेतल्या बंडखोर राज्यांविरुद्ध केंद्र सरकारच्या बाजूने, हे युद्ध लढलं ते मुख्यतः स्वयंसेवक पायदळाने. युद्ध पेटलं तेव्हा केंद्र सरकारचं खडं सैन्य साधारण १६ हजारांचं होतं. १५ एप्रिल १८६१ रोजी लिंकनने राज्यांकडे ७५,००० माणसं मागितली, तीही फक्त ३ महिन्यांसाठी. ते पुरणार नाही हे दिसल्यावर ३ मे रोजी ३ वर्षांच्या बोलीवर स्वयंसेवकांची मागणी झाली.

या पलटणी राज्यं उभी करत आणि पगारावर घेई केंद्र. त्यामुळे नुसता क्रमांक सांगून पलटण सापडत नाही. '२०वी' म्हटलं की कुठल्या राज्याची, हे आधी विचारा. त्यातही काही राज्यांत ३ महिन्यांची पलटण परतली आणि त्याच क्रमांकाने पुन्हा ३ वर्षांसाठी उभी राहिली. दोन्हींचे कागद एकत्र वाचले, तर माणूस जिथे नव्हताच तिथे लढताना दिसतो. 'युनायटेड स्टेट्स इन्फन्ट्री' ही तर खड्या सैन्याची पलटण. तिच्या शिपायांची स्वयंसेवकांसारखी सेवापत्रकं नसतात, त्यांना भरतीच्या नोंदवह्यांत शोधावं लागतं. इथे चुकलेल्याचे आठवडे वाया जातात.

पलटणीची रचना एकदा नीट पाठ करा. १० कंपन्या, एकेका कंपनीत ८३ ते १०१ माणसं. त्यांत कॅप्टन, दोन लेफ्टनंट, एक फर्स्ट सार्जंट, ४ सार्जंट, ८ कॉर्पोरल, दोन वादक, एक गाडीवान आणि उरलेले ६४ ते ८२ शिपाई. कंपन्यांची नावं 'ए'पासून 'के'पर्यंत, पण मध्ये 'जे' नाही. हस्ताक्षरात तो 'आय'सारखा दिसतो, म्हणून गाळला गेला. कुठल्या यादीत पायदळाची 'जे' कंपनी दिसली तर नक्कल करणाऱ्याची चूक समजा आणि मूळ कागद पाहा. कंपनी बहुधा एकाच गावाची किंवा तालुक्याएवढ्या टापूची असे. सुरुवातीला कॅप्टनही शिपायांनीच मतं देऊन निवडलेला असे. म्हणून एका वाईट दुपारी एकाच गावातली कितीतरी घरं उजाड होत.

आता शोध. अमेरिकेच्या राष्ट्रीय उद्यान सेवेच्या मोफत सूचीत या युद्धातल्या शिपायांच्या सुमारे ६३ लाख नोंदी आहेत. त्यातून पलटण आणि कंपनी पक्की करा. एकच माणूस दोन-तीन स्पेलिंगांनी येतो, म्हणून आडनावाचे सगळे संभाव्य उच्चार लिहून घ्या. जर्मन आणि आयरिश नावं कारकुनांनी कानाला लागतील तशी लिहिली आहेत. मग राष्ट्रीय अभिलेखागारातलं सेवापत्रक मागवा. ते म्हणजे एक पाकीट आणि आत छोटी कार्डं. युद्धानंतर काही दशकांनी कारकुनांनी मूळ हजेरीपटावरून एकेका माणसाची नोंद उतरवून ती तयार केली.

ही कार्डं वाचता येणं हेच खरं कौशल्य. आपल्याकडे मस्टरवर हजेरी लागते तशीच तिथे दर दोन महिन्यांनी लागे आणि त्यावरच पगार निघे. प्रत्येक कार्डावर दोन महिन्यांचा काळ, हजर की गैरहजर, शेवटचा पगार कधी मिळाला आणि शेरा. 'नोंद नाही' याचा अर्थ गैरहजर असा नव्हे. त्या हजेरीपटात रकाना रिकामा होता, एवढंच. नवखा माणूस लढायांच्या तारखा शोधतो, पण 'गैरहजर, आजारी' हा शेरा किती कार्डांवर आला ते आधी मोजा. या युद्धातले जवळपास दोन तृतीयांश मृत्यू रोगराईने झाले, हगवण आणि विषमज्वर त्यांत पुढे. 'फरारी' वाचून लगेच निकाल देऊ नका. इस्पितळातून निरोप वेळेवर न आल्यानेही हा शिक्का बसे, आणि पुढे तो पुसल्याचा आदेश त्याच पाकिटात सापडू शकतो.

भरतीची तारीख आणि केंद्राच्या सेवेत दाखल झाल्याची तारीख वेगळ्या असतात. त्या वेगळ्या रकान्यांत लिहा, कारण मुदतीवरून खरीखुरी भांडणं झाली. मेन राज्याच्या २ऱ्या पलटणीतल्या काही जणांनी ३ वर्षांच्या कागदावर सह्या केल्या होत्या, तर बाकीच्यांची मुदत २ वर्षांची. १८६३ च्या मे महिन्यात पलटण घरी निघाली आणि ३ वर्षांच्या बोलीवरच्या या शंभरावर माणसांना मागे ठेवलं. त्यांनी बंड केलं. त्यांना २०व्या मेनमध्ये धाडण्यात आलं आणि २ जुलैला त्यांतले बहुतेक जण गेटिसबर्गच्या लढाईत लिटल राउंड टॉप या टेकडीवर लढले. कागद न वाचता केलेल्या एका सहीचं हे मोल.

सरावासाठी ५४वी मॅसॅच्युसेट्स घ्या. उत्तरेत उभ्या राहिलेल्या पहिल्या कृष्णवर्णीय पलटणींपैकी ही एक. १८६३ च्या फेब्रुवारीत भरती सुरू झाली, २८ मे रोजी पलटण बोस्टनहून निघाली आणि १८ जुलैला दक्षिणेच्या ताब्यातल्या फोर्ट वॅग्नर या किल्ल्यावर चालून गेली. पलटणीचा प्रमुख कर्नल रॉबर्ट गूल्ड शॉ तटावरच पडला. पण हल्ल्याइतकीच तिच्या पगाराची गोष्ट मोलाची आहे. गोऱ्या शिपायाला महिना १३ डॉलर होते, यांना १० देऊ केले आणि त्यातून कपड्यांचे ३ कापायचे ठरले. हातात ७. पलटणीने एक पैसाही घेतला नाही. फरकाचे पैसे राज्य भरायला तयार झालं, तेही नाकारलं. घरी बायकामुलं उपाशी असताना हे वर्षभराहून जास्त चाललं. १८६४ च्या जूनमध्ये काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, समान पगार मान्य केला, पण भरतीपासूनची पूर्ण बाकी जे १९ एप्रिल १८६१ रोजी स्वतंत्र होते त्यांनाच. म्हणून कृष्णवर्णीय पलटणींच्या कार्डांवर '१९ एप्रिल १८६१ रोजी किंवा त्याआधी स्वतंत्र' असा शेरा भेटतो. नवख्याला तो जन्माचा तपशील वाटतो. तो पगाराचा शेरा आहे, आणि त्या एका ओळीमागे अख्ख्या पलटणीचा स्वाभिमान उभा आहे. महात्मा फुल्यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या गुलामीविरुद्ध झटलेल्या लोकांना अर्पण केली. ती अर्पणपत्रिका आणि हे कार्ड शेजारी ठेवून वाचावं.

आणखी एक आकडा फसवतो तो पलटणीच्या बळाचा. हजाराने निघालेली पलटण दोन वर्षांत दोन-तीनशेवर येई. बहुतेक राज्यं जुनी पलटण भरून काढण्यापेक्षा नवी उभी करत, कारण नव्या पलटणीत गव्हर्नरला नव्या नेमणुका वाटता येत. विस्कॉन्सिनने जुन्या पलटणी भरण्यावर भर दिला. म्हणून कुठल्याही लढाईत 'एक पलटण' वाचलं की त्या दिवशी रांगेत किती होते ते शोधा. हजार धरून हिशेब करू नका.

शेवटी पेन्शनची फाइल. सेवापत्रक दहा-बारा कार्डांचं असेल, पण पेन्शनची फाइल शंभर पानांचीही निघू शकते. १८६२ च्या कायद्याने जखमी शिपायाला आणि मृताच्या विधवेला पेन्शन मिळू लागली. १८९० च्या कायद्याने ९० दिवस सेवा झालेल्याला कुठल्याही कारणाने आलेल्या असमर्थतेसाठी ती खुली झाली. पाय कधी सुजला, खंदकात कोण शेजारी होतं, गावी कोणाचं काय झालं, सगळं साथीदारांच्या शपथपत्रांत असतं. दक्षिणेच्या शिपायाची पेन्शन मात्र केंद्राकडे शोधू नका. ती राज्यांनी दिली, आणि जिथे भरती झाला तिथे नव्हे, तर म्हातारपणी ज्या राज्यात राहत होता तिथे. गुलामीतून आलेल्या शिपायाच्या विधवेकडे लग्नाचा कागद कुठून असणार? मालकाने तो होऊच दिला नव्हता. तिच्या फाइलमध्ये म्हणून शेजारणी आणि जुने साथी सांगतात की ही दोघं नवरा-बायको म्हणून राहत होती, आणि खाली सहीच्या जागी फुली असते.