पुढचं पुस्तक शेवटच्या पानांत शोधा
आवडलेलं पुस्तक संपलं की लगेच मिटू नका. मागची संदर्भसूची आणि ऋणनिर्देश वाचा. लेखकाने स्वतः काय काय वाचलं ते तिथे सापडतं. माझ्या वहीतली निम्मी नावं अशीच आली आहेत. ग्रंथालयात ड्युई दशांश वर्गीकरण असेल (पुस्तकांना विषयानुसार क्रमांक देण्याची १८७६ पासूनची पद्धत, ज्ञानाचे १० मुख्य वर्ग), तर दर महिन्याला वेगळ्या कपाटापाशी जा: ५०० म्हणजे विज्ञान, ७०० कला, ९०० इतिहास-भूगोल. कथा-कादंबऱ्यांसाठी मात्र नुकत्याच परत आलेल्या पुस्तकांचा ढीग चाळा. कोपरे मऊ पडलेलं, बांधणी सैल झालेलं पुस्तक बऱ्याच हातांतून गेलेलं असतं. घेण्याआधी मधलंच एखादं पान वाचून पाहा. पहिलं नको, त्यावर लेखकाने जास्तच मेहनत घेतलेली असते.