पुराच्या बातमीतून पूर वेगळा कसा काढायचा

27 जुलै 2019 ला बदलापूर-वांगणीदरम्यान महालक्ष्मी एक्स्प्रेस उल्हासच्या पुरात अडकली. हजारावर प्रवासी, सगळे सुखरूप सुटले. टीव्हीवर मात्र वरून घेतलेला गाडीचा तोच शॉट, परत परत. मी ठाण्याचा, न्यूजच्या एडिट टेबलवर बरीच वर्षं काढलेला. 'व्हिज्युअल लूपवर टाक' ही आमच्याकडची रोजची ऑर्डर. अशा बातमीतून दोन पडद्यांवर दाखवायची व्हिडिओ कलाकृती करायची असेल, तर या लूपपासूनच, म्हणजे परत परत फिरणाऱ्या शॉटपासूनच, सुरुवात करा.

पहिल्या पडद्यासाठी एका चॅनलचा सलग तास हवा, जाहिरातींसकट. जुना मिळाला नाही तर पुढच्या पावसात स्वतः रेकॉर्ड करा. जाहिराती कापू नका. आक्रोशानंतर साबण कधी येतो, हेही दिसू दे. एडिटिंगला डाविंची रिझॉल्व्ह या सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरते. तोच शॉट आला की तिथे मार्कर, म्हणजे खूण, टाका. टिकर (खाली सरकणारी बातम्यांची पट्टी) आणि चॅनलने चित्रावर काढलेले लाल गोल झाका.

खरं काम आवाजाचं. बहुतेक ड्रोनना माइक नसतो आणि हेलिकॉप्टरच्या पंख्यापुढे दुसरं काही ऐकूच येत नाही. तरी वरच्या शॉटवर पाण्याचा खळखळाट आहे? मग तो कुणीतरी टेबलवर चिकटवलाय. हेडफोन लावून असे तुकडे शोधा आणि पूर्ण म्यूट करा. खाली म्युझिक भरू नका, भोक भोकच राहू दे.

रडणाऱ्या माणसाचा क्लोजअप धूसर करूनही नको. तेवढ्या लांबीची काळी फ्रेम टाका. पडद्यावर स्वतःच्या मजकुराची पाटी लावायचा मोह होतोच. लावायचीच तर आकड्यांची लावा. 26 जुलै 2005 ला सांताक्रूझला 944 मिलिमीटर पाऊस पडला, कुलाब्याला जेमतेम 73. आणि चॅनलची पट्टी काय, तर 'मुंबई बुडाली'!

फुटेज चॅनलच्या मालकीचं असतं. कॉपीराइट कायद्याच्या कलम 52 मध्ये टीका-समीक्षेसाठी सवलत आहे, पण दाखवण्याआधी वकिलाला विचाराच.

दुसऱ्या पडद्यासाठी ठाण्याहून कर्जत लोकलने वांगणी गाठा. रुळांवर अजिबात जाऊ नका, रस्त्यावरून शूट करा. ट्रायपॉड, झूम नाही, पॅन नाही, वीस मिनिटं रेकॉर्डिंग चालू. गवत, टेम्पो, एखादी म्हैस, जे येईल ते. कंटाळा आला तरी कॅमेऱ्याला हात लावायचा नाही.

दाखवताना प्रोजेक्टर नको. दोन साधे टीव्ही शेजारी, घरात असतात त्याच उंचीवर. सोसायटीचा हॉलही चालतो. डावीकडे बातमी, उजवीकडे वांगणी, आणि आवाज उजवीकडचा जरा जास्त.